विश्लेषण : महागावची तारीख, नागपूरचे दार, खालच्या कोर्टात रखडलेल्या खटल्यासाठी उच्च न्यायालयाकडे काय मागता येते?

फुलसावंगीहून महागावच्या कोर्टात तारखेला जायचे म्हणजे शेतकऱ्याचा अख्खा दिवस मोडतो. मग तो सोयाबीन काढणीचा असो की कापूस वेचणीचा. सकाळी मिळेल त्या गाडीने तालुक्याला जायचे, वकिलांना तोंड दाखवायचे, पुकारा होईपर्यंत व्हरांड्यात बसायचे आणि दुपारी ऐकायचे, ‘समोरच्यांनी मुदत मागितली, पुढची तारीख पडली.’ आता ती पुढची तारीख ई-कोर्ट्सच्या अ‍ॅपवर त्याच संध्याकाळी दिसते. सोय झाली हे खरे, पण दिसते ती पुढचीच तारीख.

अशा पाच-सात वर्षांच्या चकरांनंतर पक्षकार वकिलाला एक प्रश्न हमखास विचारतो : वरच्या कोर्टात जाऊन हे लवकर करून घेता येत नाही का? उत्तर ‘येते’ असेच आहे. मात्र २०२४ पासून हे दार पूर्वीइतके सताड उघडे राहिलेले नाही. आणि ते उघडे होते तेव्हाही त्यातून आत कोण जात होते, हा प्रश्न फुलसावंगीसारख्या गावासाठी अधिक महत्त्वाचा आहे.

‘वरचे कोर्ट’ म्हणजे नेमके कोणते?

महागावला कनिष्ठ स्तर दिवाणी न्यायाधीश आणि प्रथमवर्ग न्यायदंडाधिकारी बसतात. मोठ्या रकमेचे दावे, अपिले आणि सत्र खटले पुसदला जातात. जिल्ह्याचे प्रमुख म्हणजे यवतमाळचे प्रधान जिल्हा न्यायाधीश. त्यांच्या वर मुंबई उच्च न्यायालय, आणि विदर्भासाठी त्याचे नागपूर खंडपीठ. फुलसावंगीच्या माणसाला नागपूर गाठायचे तर महागाव, आर्णी, यवतमाळ, वर्धा असा लांबचा रस्ता आहे.

कोर्टाने तारीख वाढवून दिली, तर त्या आदेशाविरुद्ध अपील करता येत नाही. फौजदारी प्रकरणात अशा अंतरिम आदेशाविरुद्ध पुनरीक्षण अर्जही चालत नाही. म्हणजे सगळा त्रास ज्यात आहे, त्या ‘तहकूब’ शब्दाविरुद्ध नेहमीच्या पायऱ्यांनी वर जाण्याची सोय कायद्यात नाही. म्हणून वकील राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ कडे वळतात. आपल्या हद्दीतील सर्व न्यायालयांवर आणि न्यायाधिकरणांवर देखरेख ठेवण्याचा अधिकार हा अनुच्छेद उच्च न्यायालयाला देतो. मोटार अपघात दावा न्यायाधिकरणही त्यात आले. फौजदारी प्रकरणांत याच्या जोडीला उच्च न्यायालयाचे अंगभूत अधिकार असतात. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत ते कलम ४८२ होते. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत ते कलम ५२८ झाले. तहसील कचेरीत किंवा दुसऱ्या सरकारी कार्यालयात अर्ज पडून असेल, तर अनुच्छेद २२६ खाली ‘अमुक मुदतीत निर्णय घ्या’ असा आदेश मागता येतो.

देखरेख म्हणजे खालच्या न्यायाधीशाच्या जागी बसून निकाल देणे नव्हे. खालचे कोर्ट आपल्या अधिकाराच्या चौकटीत राहून काम करते आहे की नाही, एवढेच उच्च न्यायालय पाहते. हा अधिकार जपून वापरावा, असे सर्वोच्च न्यायालयाने १९५४ मध्येच बजावले होते. काम सुरूच न होणे हाही चौकट सोडण्याचाच प्रकार मानला गेला, आणि त्यातून ‘हा दावा शक्यतो सहा महिन्यांत निकाली काढावा’ अशा दोन ओळींच्या आदेशांची प्रथा रुळली. या आदेशात दाव्याच्या गुणदोषांवर अवाक्षर नसते. वादी बरोबर की प्रतिवादी, यात उच्च न्यायालय शिरत नाही. त्यामुळे असा आदेश मिळवणे तुलनेने सोपे होते. विरोधी पक्षही फारसा भांडत नसे, कारण ‘खटला लवकर चालवू नका’ असे उघडपणे कोण म्हणेल?

२९ फेब्रुवारी २०२४ ला काय बदलले?

या दिवशी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने अलाहाबाद उच्च न्यायालयाच्या वकील संघटनेच्या प्रकरणात निकाल दिला. मुख्य मुद्दा स्थगितीचा होता. २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्याच तीन न्यायाधीशांनी ‘एशियन रिसर्फेसिंग’ प्रकरणात एक नियम घातला होता : वरच्या कोर्टाने दिलेली स्थगिती सहा महिन्यांत कारणांसह वाढवली नाही, तर ती आपोआप उठेल. हेतू चांगला होता. वरच्या कोर्टातून स्थगिती आणून खालचा खटला वर्षानुवर्षे गोठवून ठेवण्याची खोड मोडायची होती. परिणाम मात्र असा झाला की, उच्च न्यायालयाकडे सुनावणीला वेळ नसेल, तर काहीही चूक नसलेल्या माणसाचे संरक्षण निव्वळ कॅलेंडरचे पान उलटल्यामुळे जाऊ लागले. घटनापीठाने तो नियम रद्द केला.

त्याच निकालात दुसरी गोष्ट आली, आणि फुलसावंगीच्या पक्षकाराचा संबंध तिच्याशी आहे. दुसऱ्या कोर्टात प्रलंबित असलेले प्रकरण अमुक मुदतीत संपवा, असे आदेश घटनात्मक न्यायालयांनी एरवी देऊ नयेत. ते फक्त अपवादात्मक परिस्थितीत द्यावेत, असे घटनापीठाने सांगितले. मुख्य निकालपत्र न्यायमूर्ती अभय ओक यांचे. ठाण्याच्या जिल्हा न्यायालयात वकिलीची सुरुवात केलेल्या या न्यायाधीशांना तालुका-जिल्ह्याच्या कोर्टातला बोर्ड कसा असतो, हे सांगायची गरज नव्हती. प्रत्येक कोर्टात प्रकरणांचा ढीग असतो. कोणते आधी घ्यायचे, याची जाण तिथे बसलेल्या न्यायाधीशाला असते. वरून आदेश आला की त्या एका फाइलवर लाल शेरा पडतो, ती पुढे जाते आणि तिच्यामागच्या तेवढ्याच जुन्या, कदाचित अधिक निकडीच्या फाइली मागे सरकतात. त्यांच्या मालकांना हे कळतही नाही.

हा युक्तिवाद पटण्याजोगा आहे. महागावच्या कोर्टातून नागपूरला जाऊन ‘लवकर चालवा’ असा आदेश कोण आणू शकतो? ज्याला नागपूरच्या वकिलाची फी परवडते तो. सावकाराशी, कंपनीशी किंवा सधन भावाशी भांडणारा अल्पभूधारक बहुधा नव्हे. कोर्टाचा वेळ वाढत नाही, फक्त रांगेतली जागा बदलते, आणि जागा बदलण्याची किंमत नागपूरला मोजावी लागते. घटनापीठाने ही वाट अरुंद केली ते योग्यच झाले.

पण अरुंद करताना ‘अपवादात्मक’ म्हणजे काय, याची यादी दिली नाही. तशी ती देताही आली नसती. म्हणून आता प्रत्येक अर्जदाराला आपला खटला नुसता जुना नाही, तर इतर जुन्या खटल्यांपेक्षा वेगळा आहे, हे दाखवावे लागते. तुरुंगात असलेला कच्चा कैदी, मरणाच्या दारातला वयोवृद्ध वादी, पोटगीशिवाय बसलेली बाई, अपघातात कर्ता पुरुष गेलेले कुटुंब, किंवा वरच्या कोर्टाने फेरसुनावणीसाठी परत पाठवलेले प्रकरण, ही त्याची ओळखीची उदाहरणे. ‘माझा दावा दहा वर्षांचा आहे’ एवढ्यावर नागपूरला आता ‘मग त्याच कोर्टात अर्ज करा’ असे उत्तर मिळू शकते.

घाई उलटली तेव्हा : अंतुले प्रकरण

वरच्या कोर्टाने खालचा खटला लवकर संपवण्यासाठी हात घातला आणि तोच हात अंगाशी आला, याचे देशातले सर्वात गाजलेले उदाहरण महाराष्ट्राचेच आहे. बॅरिस्टर ए. आर. अंतुले यांनी जानेवारी १९८२ मध्ये मुख्यमंत्रिपदाचा राजीनामा दिला. भाजपचे रामदास नायक यांनी त्यांच्याविरुद्ध भ्रष्टाचाराची तक्रार मुंबईच्या विशेष न्यायाधीशांपुढे चालवली. प्रकरण मंजुरीच्या मुद्द्यावर अडले आणि सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. १६ फेब्रुवारी १९८४ रोजी पाच न्यायाधीशांच्या पीठाने मंजुरीची गरज नाही, असे ठरवले. तिथे थांबून खटला परत पाठवता आला असता. पण आधीच बराच वेळ गेला आहे, असे म्हणत पीठाने आपणहून खटला विशेष न्यायाधीशांकडून काढून थेट मुंबई उच्च न्यायालयाकडे दिला आणि तो शक्यतो दररोज चालवून संपवावा, असे सांगितले. हे कोणी मागितलेही नव्हते.

खटला उच्च न्यायालयात चालला. साक्षीदार झाले. आणि २९ एप्रिल १९८८ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायाधीशांच्या पीठाने बहुमताने ठरवले की, आपलाच १९८४ चा तो आदेश चुकीचा होता. भ्रष्टाचाराचा खटला विशेष न्यायाधीशानेच चालवायचा, असे कायदा सांगत होता. शिवाय थेट उच्च न्यायालयात खटला चालवल्यामुळे आरोपीची अपिलाची एक पायरी हिरावली गेली. घाईसाठी केलेल्या त्या बदलाने वेळ वाचला तर नाहीच, वर चार वर्षे गेली.

त्याच प्रकरणाच्या पुढच्या फेरीत, डिसेंबर १९९१ मध्ये, घटनापीठाने जलद खटल्याच्या हक्काची जी मार्गदर्शक तत्त्वे सांगितली ती आजही उद्धृत होतात. हा हक्क अनुच्छेद २१ मधून येतो, हे १९७९ मध्ये बिहारच्या कच्च्या कैद्यांच्या हुसैनारा खातून प्रकरणात ठरले होतेच. अंतुले प्रकरणाने सांगितले की, तो तपासापासून अपिलापर्यंत प्रत्येक टप्प्याला लागू आहे. उशीर कोणामुळे झाला, ते पाहायलाच हवे. बाहेरची ठरावीक कालमर्यादा घालता येणार नाही. आणि उशिरासाठी खटला रद्दच करावा असे नाही, तो ठरलेल्या मुदतीत संपवण्याचा आदेशही देता येतो. आज वकील ‘लवकर निकाल’ मागतात त्याचे एक मूळ इथे आहे.

नव्वदच्या दशकात सर्वोच्च न्यायालयाच्याच काही निकालांनी अमुक वर्षांत खटला संपला नाही तर आरोपीला सोडा, अशा मुदती घालून पाहिल्या. २००२ मध्ये सात न्यायाधीशांच्या पीठाने पी. रामचंद्र राव प्रकरणात त्या मोडीत काढल्या. मुदत ठरवणे हे कायदेमंडळाचे काम, असे ते म्हणाले. आणि उशिराने गांजलेल्या माणसासाठी उच्च न्यायालयांचे अनुच्छेद २२६, २२७ आणि कलम ४८२ चे अधिकार आहेत, याची आठवणही दिली. म्हणजे २००२ च्या निकालाने ज्या दाराकडे बोट दाखवले, त्याच दाराशी २०२४ च्या निकालाने ‘फक्त अपवादात्मक परिस्थितीत’ अशी पाटी लावली. दोन्ही निकाल एकत्र वाचले की आजची स्थिती कळते.

आदेश मिळाला तरी

कॉम्रेड गोविंद पानसरे यांच्यावर १६ फेब्रुवारी २०१५ ला कोल्हापुरात गोळ्या झाडल्या गेल्या. २० फेब्रुवारीला ते गेले. तपासावर मुंबई उच्च न्यायालयाने वर्षानुवर्षे देखरेख ठेवली. जानेवारी २०२५ मध्ये ती थांबवताना न्यायालयाने कोल्हापूरच्या सत्र न्यायालयाला खटला दररोज चालवून लवकर संपवण्यास सांगितले. अपवादात्मक म्हणावे असे ते प्रकरण होतेच. पण राज्यभर गाजलेल्या, उच्च न्यायालयाची नजर असलेल्या खटल्यालाही हल्ल्यानंतर दहाव्या वर्षी ‘दररोज चालवा’ असे सांगावे लागले. ज्या खटल्याकडे कोणाचीच नजर नाही, त्याचा वेग काय असणार, हे यावरून समजून घ्यावे.

तुरुंगात असलेल्या आरोपीची गोष्ट थोडी निराळी आहे. खटला लवकर चालवण्याच्या आदेशाइतकाच उपयोगी मार्ग त्याच्यासाठी जामिनाचा आहे. बनावट नोटांच्या प्रकरणात मुंबईत अटक झालेल्या एका आरोपीला चार वर्षे झाली तरी आरोपनिश्चितीही झाली नव्हती. त्याला ३ जुलै २०२४ रोजी जामीन देताना सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, जलद खटला देण्याची सरकारची तयारी नसेल, तर गुन्हा गंभीर आहे म्हणून जामिनाला विरोध करू नये. नव्या संहितेच्या कलम ४७९ प्रमाणे पहिल्यांदाच गुन्ह्यात सापडलेल्या कच्च्या कैद्याने कमाल शिक्षेच्या एक तृतीयांश काळ तुरुंगात काढला, तर तो सुटकेला पात्र ठरतो. फाशी किंवा जन्मठेपेच्या गुन्ह्यांना हे लागू नाही. यवतमाळच्या कारागृहात ज्यांचा माणूस आहे, त्यांनी नागपूरच्या अर्जाआधी या कलमाची चौकशी करावी.

नागपूरला जाण्याआधी रोजनामा वाचावा

फुलसावंगीत कोर्टकचेरी म्हटले की बहुतेक वेळा शेतीची वाटणी, धुऱ्याचे भांडण, वहिवाटीचा रस्ता, चेक न वटण्याचे प्रकरण किंवा पोटगी. यातला वाटणीचा दावा सर्वात चिवट. समजा, चार भाऊ, तीन बहिणी, काही वारलेल्यांची मुले असे बारा-पंधरा प्रतिवादी आहेत. एक पुण्यात मजुरीला, एक तेलंगणात. समन्स परत येत राहते. दरम्यान एक म्हातारा प्रतिवादी वारतो. त्याचे वारस नव्वद दिवसांत रेकॉर्डवर घ्यावे लागतात, न घेतल्यास माफीचा अर्ज, त्यावर म्हणणे, त्यावर आदेश. मग मोजणीसाठी कोर्ट कमिशनर, भूमी अभिलेखची तारीख, पावसाळ्यात उभे पीक. यातले काहीच कोणी मुद्दाम करत नाही आणि सहा वर्षे जातात.

हे सगळे रोजनाम्यात लिहिलेले असते. कोणत्या तारखेला कोण हजर होते, कोणी मुदत मागितली, न्यायाधीश रजेवर होते की जागा रिकामी होती, याची नोंद त्यात तारखेवार मिळते. उच्च न्यायालय सर्वात आधी तोच पाहते. आणि अनेक अर्ज तिथेच गारद होतात, कारण अर्जदाराच्या स्वतःच्या वकिलानेच आठ वेळा मुदत मागितल्याचे दिसते. म्हणून नक्कल अर्ज देऊन रोजनाम्याची प्रमाणित प्रत आधी काढावी आणि ती स्वतः वाचावी. अनेकांना आपल्या खटल्यात काय घडले, हे पहिल्यांदा तेव्हाच कळते.

त्या प्रतीच्या आधारे पहिला अर्ज नागपूरला नव्हे, महागावलाच करायचा असतो. कायदा तिथेही बराच आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश १७ प्रमाणे सुनावणी सुरू असताना एका पक्षाला तीनपेक्षा अधिक तहकुबी देऊ नयेत, आणि तहकुबीचा खर्च समोरच्याला द्यायला लावावा. लेखी कैफियत तीस दिवसांत, फार तर नव्वद दिवसांत यावी. सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये या मुदती अगदी दगडावरची रेघ नाहीत असे ठरवले, आणि मग सवलतीचाच नियम झाला. फौजदारीत नव्या संहितेचे कलम ३४६ दोनच तहकुबींची भाषा करते. चेकच्या खटल्यासाठी सहा महिने, कौटुंबिक हिंसाचाराच्या अर्जासाठी साठ दिवस असे उद्दिष्ट कायद्यातच आहे. या कलमांचा हवाला देऊन, रोजनाम्याची प्रत जोडून, वय किंवा आजारपणाचा कागद लावून लवकर सुनावणीचा लेखी अर्ज द्यावा. तो नामंजूर झाला किंवा त्यावर आदेशच झाला नाही, तर नागपूरला दाखवायला हातात कागद राहतो. तोंडी विनंतीची नोंद कुठेच नसते.

दुसरी पायरी प्रशासकीय आहे आणि ती फार कमी लोकांना ठाऊक आहे. अनुच्छेद २२७ मधली देखरेख निव्वळ न्यायनिर्णयाने चालत नाही; ती कार्यालयीन कामकाजानेही चालते. प्रधान जिल्हा न्यायाधीश जिल्ह्यातल्या जुन्या प्रकरणांचा आढावा घेतात. प्रत्येक जिल्ह्यासाठी उच्च न्यायालयाचे एक पालक न्यायमूर्ती असतात. २० ऑक्टोबर २०२३ च्या यशपाल जैन निकालात सर्वोच्च न्यायालयाने, १९८२ पासून रेंगाळलेल्या एका दाव्याच्या निमित्ताने, समन्स बजावण्यापासून तारखांपर्यंत जिल्हा न्यायाधीशांनी लक्ष ठेवावे आणि पाच वर्षांहून जुन्या प्रकरणांवर नजर ठेवण्यासाठी उच्च न्यायालयांनी समित्या नेमाव्यात, असे सांगितले. अशा देखरेखीत एका फाइलला पुढे ढकलण्याऐवजी सगळ्या जुन्या फाइलींना एकच माप लागते. निवेदन मात्र फक्त उशिराबद्दल असावे. न्यायाधीशांबद्दलचा राग त्यात आला की त्याचे रूप तक्रारीचे होते आणि मूळ मुद्दा बाजूला राहतो.

त्यानंतर नागपूर. अर्जात उशिराचा तक्ता, खाली केलेले अर्ज आणि हे प्रकरण वेगळे का, एवढे तीन मुद्दे असले की पुरते. उच्च न्यायालय समोरच्याला नोटीस काढते, कधी खालच्या कोर्टाकडून स्थितीचा अहवाल मागवते. मुदत मिळाली तर ती दोन्ही पक्षांना बांधते : स्वतः आदेश आणलेल्याने पुढच्या तारखेला साक्षीदार आणले नाहीत, तर त्याची अडचणच होते. खालच्या कोर्टाला मुदत पाळता आली नाही, तर ते मुदतवाढ मागते आणि ती बहुधा मिळते. फीची चिंता असलेल्यांनी तालुका विधी सेवा समितीकडे जावे. महिला, अनुसूचित जाती-जमातीचे लोक, दिव्यांग आणि कोठडीतील व्यक्ती यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो, उच्च न्यायालयातल्या कामासाठीही.

निकालानंतरचा उशीर

खटला संपला म्हणजे संपले, असे नाही. गिनेस बुकाच्या जुन्या आवृत्त्यांत पुण्याच्या एका दाव्याची नोंद होती : पूर्वजाने घातलेला दावा वंशजाने ७६१ वर्षांनी, १९६६ मध्ये जिंकला म्हणे. आकडा पचायला जड आहे. तरी कोर्टाच्या व्हरांड्यात बसलेला माणूस त्यावर चटकन विश्वास ठेवील.

हुकूमनामा हाती आला की दरखास्त दाखल करावी लागते, आणि तिथे दुसरी लढाई सुरू होते. शेतजमिनीच्या वाटणीचा हुकूमनामा झाला तर प्रत्यक्ष सरस-निरस वाटप जिल्हाधिकाऱ्यांमार्फत होते. म्हणजे कागद कोर्टातून निघून तहसील आणि भूमी अभिलेखच्या रांगेत जाऊन बसतो. दरखास्त सहा महिन्यांत निकाली काढावी, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये सांगितले. २०२५ मध्ये पुन्हा सांगून देशभरातून आकडे मागवले, तेव्हा सुमारे ८ लाख ८२ हजार दरखास्ती पडून असल्याचे दिसले. त्यात सर्वाधिक, सुमारे ३ लाख ४१ हजार, महाराष्ट्रातल्या. म्हणजे राज्यात इतक्या लोकांनी खटला जिंकला आहे आणि तरीही त्यांच्या हातात काही पडलेले नाही. उच्च न्यायालयाने अपवाद कोणासाठी करायचा असेल तर या लोकांचा विचार आधी व्हावा. यांच्या बाबतीत हक्क कोणाचा, हा प्रश्नच उरलेला नाही. बेलीफ कधी जाणार, एवढाच उरला आहे.

रांग लांब का?

देशातल्या सर्व न्यायालयांत मिळून पाच कोटींच्या पुढे प्रकरणे प्रलंबित आहेत. विधी आयोगाने १९८७ मध्ये दर दहा लाख लोकसंख्येमागे पन्नास न्यायाधीश असावेत, अशी शिफारस केली. २००२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते पाच वर्षांत करा, असे सांगितले. अजून आपण साधारण एकविसावर आहोत, आणि तेही मंजूर पदे धरून. तालुक्याच्या ठिकाणी एकच न्यायाधीश असतो; त्याची बदली झाली किंवा तो रजेवर गेला की संपूर्ण बोर्डाला एकगठ्ठा पुढच्या तारखा पडतात. टंकलेखक, बेलीफ, सरकारी वकील यांच्या रिकाम्या जागा तर मोजणीतही येत नाहीत.

कोल्हापूरला १८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले. दक्षिण महाराष्ट्रातल्या सहा जिल्ह्यांचा मुंबईचा फेरा वाचला. तिथल्या वकिलांनी त्यासाठी कित्येक वर्षे आंदोलन केले होते आणि त्यांची मागणी रास्त होती. पण महागावच्या कोर्टात दुसरा न्यायाधीश द्या, म्हणून कोणी आंदोलन केल्याचे ऐकिवात नाही. आमदार-खासदारांच्या निवेदनांत रस्ता असतो, पाणी असते, पीकविमा असतो. कोर्टातली रिकामी जागा क्वचितच असते. ती भरणे राज्य सरकार आणि उच्च न्यायालय या दोघांच्या हातात आहे, त्यामुळे जबाबदारीही दोघांत वाटून पातळ होते.

तोपर्यंत महागाव, पुसद आणि उमरखेडच्या कोर्टांत एक साधी गोष्ट करता येण्यासारखी आहे. प्रत्येक कोर्टाच्या दारावर रोजचा बोर्ड लागतो, त्याशेजारी त्या कोर्टातल्या सर्वात जुन्या पंचवीस प्रकरणांची यादीही लावावी : दाखल झाल्याचे वर्ष, सध्याचा टप्पा, आजवर कोणत्या पक्षाने किती मुदती घेतल्या. माहिती ई-कोर्ट्सवर विखुरलेली आहेच. ती एका कागदावर आणायला नवा कायदा लागत नाही, जिल्हा न्यायाधीशांचे एक परिपत्रक पुरते. चौथी मुदत मागायला उठणाऱ्या वकिलाला आणि ती देणाऱ्या न्यायाधीशाला ती यादी व्हरांड्यात बसलेल्या सगळ्यांनी वाचलेली आहे, हे ठाऊक असेल.